सावटातली फळं

खर्डी,
बुधवार, १४ मे २०२५

चि. इंद्रजीत यास,

सप्रेम जयभीम.

मी ठीक आहे. गुडघा बरा आहे, म्हणजे पूर्वीइतकाच दुखतो, जास्त नाही. अंगणवाडीला सुट्टी लागली. विहिरीचं पाणी अजून टिकून आहे. रत्नप्रभाची कंबर कशी आहे? मुकेशचं कल्याणचं ऑफिस बदललं म्हणे. त्याला सांग, आत्यानं विचारलंय.

पत्र बघून हसशील. खर्डी ते वाशिंद, मधे तीन स्टेशनं, आणि बाई पत्र लिहिते. पण फोनवर तू नुसतं 'हं, हं' करतोस आणि मग मी भांडते. पत्रात मला भांडायला कोणी नाही आणि तुला मधेच फोन ठेवता येत नाही, म्हणून हा उद्योग. शेजारची अनिता रोज वाशिंदला कंपनीत जाते, तिच्या हाती पत्र आणि टोपली देते आहे. टोपलीत तीन अननस, रातांबे, आणि वरच्या डब्यात ब्लॅकबेरी. डबा आधी उघड, त्या उन्हानं लगेच मऊ पडतात. तू जानेवारीत पाठवलेला संमतीचा कागद टोपलीच्या तळाशी आहे. तो शेवटी बघ.

आता मुद्द्याचं. मी जिंकले.

परवा बुद्धपौर्णिमेला विहारात फळं ठेवली. नऊ अननस, पाटीभर रातांबे, दोन ताटं ब्लॅकबेरी. सगळी आपल्या घरामागच्या तुकड्यातली. त्याच, आंबा आणि जांभूळ यांच्यामधल्या, जिथे बाबा म्हणायचे की सावट आहे, ऊन पोचत नाही, गवतसुद्धा धड येत नाही. एकही फळ बाजारातून आणलेलं नाही. बाळारामकाका आदल्या दिवशी स्वतः येऊन झाडांवर मोजून गेले होते, कारण त्यांचा माझ्यावर विश्वास नव्हता. तसा तो कोणाचाच नव्हता.

तुला ठाऊक आहेच, तरी लिहिते, म्हणजे नंतर वाद नको. तुझा कागद आला तेव्हा मुकेशनं निरोप सांगितला, की समोरचा तुझा तुकडा बंगल्यासाठी घेणाऱ्या माणसाला गाडीरस्ता हवा, तो मागच्या सडकेकडून माझ्या तुकड्यातून येणार, दोन्ही झाडं तोडावी लागणार, आणि नाहीतरी सावटात ताई काय पिकवते. हे शेवटचं वाक्य तुझं की मुकेशचं, मी विचारलं नाही. मी तशीच चप्पल घालून काकांकडे गेले आणि चारचौघांत म्हणाले, "पौर्णिमेला विहारात माज्या सावटातली फळं ठेवीन. नाय ठेवली, तर दुसऱ्या दिवशी सही करते." काका म्हणाले, "उगाच जिभेला जड काय बोलू नको गो. पोरानं कागद पाठवलाय, गुमान सही कर." मी म्हटलं, बोलले ते बोलले.

चार महिने मला जेवण गेलं नाही. अननसाला फळं धरलेली होती, पण ती पौर्णिमेपर्यंत पिकतील याची हमी काय? माकडं आली तर? मी अननसांवर जुन्या साड्या बांधल्या. आईची ती हिरवी काठाची पण. लांबून बघणाऱ्याला वाटावं, बायका ओळीनं उकिडव्या बसल्यात.

आता हे जमलं कसं, ते ऐक. गावात मी सांगते की मी खूप विचार केला, पुस्तकं वाचली. तुला खरं सांगते. माझा गुडघा गेला म्हणून जमलं.

आपण लहानपणापासून काय करायचो आठव. होळी झाली की आई खराटा हातात द्यायची. आंब्याचा, जांभळाचा सगळा पातेरा झाडून गोळा करायचा, टोपल्या भरून खाली शेतात न्यायचा, आणि तो पेटवून भाताच्या रोपांची जागा राबाला भाजायची. एक पान मागे राहिलं तर बाबा ओरडायचे. तू पळून जायचास, मी झाडायचे. लग्न होऊन गेले तेव्हा सुटले. हे वारल्यावर परत आले आणि पुन्हा खराटा हातात घेतला. तीन वर्षांपूर्वी गुडघा इतका सुजला की वाकताच येईना. शेत त्या वर्षी चांगोला अर्धेलीनं दिलं होतं, त्याचा राब तो बघणार होता. म्हणून पातेरा तसाच पडला. घोट्याएवढा थर. मला लाज वाटायची, कोणी मागच्या बाजूला आलं तर म्हणेल, काय घाण ठेवलीय.

त्या दिवाळीत काठी टेकत मागे गेले तर काय, मागच्या वर्षी खाऊन फेकलेला अननसाचा शेंडा पातेऱ्यात उभा. मुळं धरलेला. मी हातानं पानं बाजूला केली. खालची माती काळी आणि ओली. इंद्रजीत, त्या जागेची माती मी जन्मभर बघितली आहे, पायाला लागायची अशी टणक. ती बोटानं उकरता येत होती. गांडुळं होती तिच्यात.

मी तिथेच बसले. गुडघा दुखत होता तरी बसले. सावटानं काही मारलं नव्हतं. आपणच दरवर्षी त्या जागेच्या अंगावरचं पांघरूण ओढून नेत होतो आणि वर म्हणत होतो, इथे काही येत नाही. आई तिथे दर पावसाळ्यात काहीतरी लावायची. अननस, लिंबू, तो रातांबा. आणि दर उन्हाळ्यात तीच आपल्या हातात खराटा द्यायची. झाडं मेली की म्हणायची, माझ्या हाताला गुण नाही. मरेपर्यंत म्हणायची. हे मला तिला सांगता आलं असतं तर बाकी काही नको होतं.

एकटा रातांबा जगला होता, तुला माहीत आहे, वर्षाला पाच-सहा फळं. या वर्षी पाटीभर उतरला.

मग मी सपाटा लावला. लोकांच्या परड्यातून अननसाचे फुटवे मागून आणले, जिथे सकाळचं ऊन तिरपं येतं तिथे लावले. अनितानं मोबाईलवर एका गोऱ्या बाईचा व्हिडिओ दाखवला, ती घराच्या सावलीतल्या भिंतीला ब्लॅकबेरी लावते. म्हटलं, तिला येते तर मला का नाही. शहापूरला एका नर्सरीत विचारलं, त्यानं लगेच दोन रोपं काढून दिली. चिठ्ठी होती बांधलेली, ब्लॅकबेरी. ती मी जांभळाच्या कडेला, जिथे निम्मी सावली पडते, तिथे लावली. गावभर सांगितलं. मुकेशला फोटो पाठवला. फळ काळं, लांबट, गोड. झाडाला काटे नव्हते एवढंच, पण म्हटलं सुधारित जात असेल.

काका मोजायला आले तेव्हा एक तोंडात टाकलं आणि म्हणाले, "ही तुती हाय गो. आमी ल्हानपणी ओढ्यावर खायचो."

तर ती तुती आहे. पण आता गावात सगळे तिला ब्लॅकबेरीच म्हणतात, मीही तेच म्हणणार. रत्नप्रभानं मला सांगितलं, तू तो फोटो कंपनीत सगळ्यांना दाखवलास, माझ्या ताईनं खर्डीला ब्लॅकबेरी पिकवली म्हणून. तिनं हे कधी सांगितलं विचारू नकोस, आमचं बोलणं चालू असतं. त्या दिवशी मी फोन ठेवून बराच वेळ तुतीखाली उभी होते. तुझ्या कंपनीतल्या लोकांना खरं सांगायचं की नाही ते तू ठरव.

एवढं सगळं लिहिलं, आणि जे लिहायला बसले ते अजून लिहिलंच नाही. चहा करून येते.

आले. विहारात काय झालं ते सांगते. वंदना झाली, खीर वाटली, आणि मग फळं कापायला घेतली. वास सगळ्या हॉलभर. बायका विचारायला लागल्या, कुठले गो अननस? मी म्हटलं, सावटातले. काका उठले, हात वर करून सगळ्यांना गप्प केलं आणि म्हणाले, "सहा वर्सांपूर्वी ह्याच जागी उभी राहून ही रडली व्हती. भावानं मला सावट दिली, चांगलं सोताला ठेवलं, म्हणून. आज बगा. इंद्रजीतनं टाकाऊ दिलं, आणि बाईनं काय करून दाखवलं." टाळ्या पडल्या. मागून कोणीतरी म्हणालं, "भाऊ कसला तो, वैरी."

खोटं सांगत नाही, पहिल्या क्षणी मला बरं वाटलं. सहा वर्षं मला हेच ऐकायचं होतं, आणि तेही तिथेच, त्याच खांबाजवळ. पण त्या 'वैरी' शब्दानं हातातली सुरी थांबली.

कारण वाटणीच्या दिवशी काय झालं ते तुला आणि मलाच ठाऊक आहे. ओटीवर आपण दोघेच होतो. तू म्हणालास, "ताई, तू आधी घे." मी म्हटलं, "तुला हवं ते घे, उरेल ते मला दे." मोठेपणा दाखवला. मला वाटलं, तू पुन्हा विचारशील. तू एकदाच विचारलंस. समोरचा तुकडा घेतलास, कारण मीच घे म्हणाले होते. आणि मी दुसऱ्या आठवड्यात विहारात उभी राहून रडले आणि सांगितलं, भावानं मला सावट दिली. तू मागच्या रांगेत होतास. तू एक शब्द बोलला नाहीस. जोडे घातलेस आणि गेलास, ते आजतागायत गावात पाऊल टाकलं नाहीस. मोठ्या बहिणीला चारचौघांत खोटं पाडायचं नाही म्हणून तू सहा वर्षं दोष अंगावर घेऊन बसलास. मला हे तेव्हाही कळत होतं. कळत होतं म्हणूनच मी जास्त मोठ्यानं सांगत फिरले.

तर मी सुरी खाली ठेवली आणि म्हणाले, "नाय काका. त्यानं मला आदी विचारलं व्हतं. उरेल ते दे, असं मीच म्हनाले. त्यानं दिली नाय, मी मागून घेतली. हितं उभी राहून मी खोटं बोलले व्हते."

  काका म्हणाले, "मंग सहा वर्सं तोंड का नाय उघडलं?"

 मी अननस कापायला घेतला. मागच्या वैरी म्हणणाऱ्यालाच पहिली फोड दिली, ती त्यानं मान खाली घालून खाल्ली. नाव लिहीत नाही, तू ओळखशील. थोड्या वेळानं काकाच म्हणाले, "गोड हाय गो. इंद्रजीतला धाड." म्हणून ही टोपली.

मला वाटलं होतं, ते बोलल्यावर माझं जिंकणं फिकं पडेल. तसं झालं नाही. उलट घरी येताना मी अंगणातूनच मोठ्यानं आईला हाक मारली, जशी शाळेत पहिला नंबर आला की मारायचे. मग लक्षात आलं. पण हसूच आलं मला, रडू नाही.

आता कागद. मी सही करणार नाही. झाडं तोडू देणार नाही. समोरचा तुकडा तुझा आहे, विकायचा तर वीक, मी आडवी येत नाही. गाडीरस्ता चांगोच्या बांधाकडून निघतो, मी त्याला विचारलंय, तो हो म्हणाला. त्याला बदल्यात दर वर्षी अननसाचे फुटवे हवेत फक्त. पण विकायच्या आधी एकदा येऊन बघ. तुझ्या तुकड्यात दिवसभर ऊन आहे, सहा वर्षांत तिथे तण सोडून काही आलं नाही. हे मी भांडण म्हणून लिहीत नाही. बरं, थोडं भांडण म्हणून लिहिते.

आणि रविवारी ये. जांभळं महिन्याभरात पडायला लागतील, पण तू रविवारीच ये. पातेरा तुडवत मागे जाऊ. खराटा मी माळ्यावर टाकलाय, तुला पळून जायला कारण उरलेलं नाही. विहारावरून येताना मान खाली घालू नकोस, आता ती माझी पाळी आहे, आणि मी पण घालणार नाही. तू आलास की मी विचारीन, तुला कुठला तुकडा हवा. दोनदा विचारीन.

कागदावर रातांब्याचा रस सांडला असेल. सहीची जागा दिसणार नाही बहुतेक. पण इतके महिने तुला माझी सही हवी होती. ती घे, ही पत्राखाली केली आहे.

तुझी ताई,
संघरत्ना