राउटरपुढचा ड्रम

मंगळवार, संध्याकाळ

नेटवाल्या सलीमला आज तिसऱ्यांदा बोलावलं आणि दारातच झापलं. नातीचा, ईराचा, गेम आठवडाभर सारखा तुटतोय. तिचा बाप मस्कतला, रोज संध्याकाळी तिथून नेटवर तेवढा एक गेम तिच्याबरोबर खेळतो.

सलीमनं वायर तपासली, गेमचा डबा बंद करून चालू केला. मग राउटरपुढच्या भरलेल्या ड्रमकडं बोट दाखवलं. "टीचर, सिग्नल ह्या पाण्यात अडकायलाय."

ड्रम मीच ठेवलेला. नळ आठ दिवसांनी येतो, पाणी काय डोक्यावर साठवू? हेच त्याला सुनावलं. शाळेत सिस्टर सांगायच्या, माफी आधी, सबब नंतर. मी सबबच आधी सांगितली.

तो हसला. "राहू द्या, चहा पाजा." राउटर फडताळावर चढवला आणि गेम लागला.

पण ईराचं काय? परवा ती रडली तेव्हा मी फटकन म्हणाले, "बापच बंद करत असेल. कंटाळला असेल." जावयावरचा राग पोरीवर का काढला? आणि दोष त्या ड्रमचा!

आता तिला हाक मारली, "ये, लागलं बघ."

ती वहीतून डोकं वर न काढता म्हणाली, "नको आजी. मी बाबांना सांगितलंय, मला तो गेम आवडत नाही."