नळीतली मनवार

भोकरदन, मंगळवार

प्रिय पुंजाराम गुरुजी,

जय जिनेंद्र आणि जय भीम, दोन्ही घे. बेबीनंदावहिनींचे गुडघे काय म्हणतात? मी बरा आहे, फक्त जेवणाची वाट बदलली आहे. अर्धांगाच्या झटक्यानंतर हातपाय सावरले, पण गिळणं गेलं. पाण्याचा घोटसुद्धा फुफ्फुसाकडे वळायला लागला, तेव्हा जालन्याच्या डॉक्टरांनी पोटाला बारीक भोक पाडून थेट आत नळी बसवली. (बोलणंही बोबडं झालंय, म्हणून वहीत लिहून दाखवतो. चाळीस वर्षं कापड विकलं, इतका गप्प कधी बसलो नव्हतो.)

नळीचे नियम तुझ्या शाळेपेक्षा कडक. बसूनच घ्यायचं, नंतर तासभर आडवं व्हायचं नाही, आधी आणि नंतर कोमट पाणी सोडायचं. भोकाभोवती लाली, पू, गळती दिसली की कळवायचं. नळी निघून आली तर भोक काही तासांत बुजायला लागतं, तेव्हा जल्दी दवाखाना. आणि आत जाईल ते फक्त डॉक्टरांनी ठरवलेलं पातळ. आमच्या हिला, भगवतीदेवीला, हे सगळं पाठ आहे. पण आमच्या घरची मनवार, ताटात आग्रहानं वाढत राहणं, तू भोगलेली आहेस. (श्रेणिकच्या लग्नात नको-नको म्हणताना तुझ्या ताटात नऊ घेवर पडले होते.)

रविवारी श्रेणिकचे सासरे मला बघायला आले. ताटं वाढली, तर ते हात आखडून बसले. "यजमान उपाशी अन् आम्ही शिरा खायचा? बिलकुल न्हाई."

"त्यांचं झालं व्याहीजी, नळीतून," भगवतीदेवी म्हणाली.

"मंग शिराबी द्या की नळीतून."

पाहुण्यानं ताट तसंच ठेवलं तर भगवतीदेवी वर्षभर ते विसरत नाही. मिक्सर फिरला. रवा, तूप, बदाम, सगळं मोठ्या सिरिंजमधून आत. अर्धा शिरा पोटात गेला, अर्धा नळीतच थिजला. व्याही पोटभर जेवले आणि मी शिरा पोटावर लटकवून बसलो. कोमट पाणीही पुढे सरकेना, तेव्हा त्यांच्याच गाडीतून जालना गाठलं. (वाटेत विचारतात, "शिरा बराबर झाल्ता ना?" नळीला जीभ नसते, हे त्यांना कोण सांगणार.) डॉक्टरांनी तासभर कोमट पाणी पुढे-मागे करून नळी मोकळी केली. म्हणाले, "आजी, पुन्हा शिरा घातला तर नळीच बदलावी लागंल." चूक सर्वस्वी भगवतीदेवीची. मी मोठ्या मनानं तिला माफ केलं आहे.

तुझा,
बन्सीलाल

ता. क. मुद्द्याचं राहिलंच. शुक्रवारी गिळण्याची तपासणी आहे. पास झालो तर तोंडानं पहिला चमचा मिळेल, घट्ट आणि गुळगुळीत काहीतरी. तीन महिने जिभेला काही लागलेलं नाही. वहिनींच्या हातची ज्वारीची आंबील, जरा घट्टशी, घेऊन पहिल्या बसनं ये. भगवतीदेवीला कळू देऊ नकोस. तिनं त्या चमच्यावर शिऱ्याचं नाव घातलंय.

ता. क. दुसरा. गुरुजी, पाकीट मी चिकटवते, म्हणून वाचलं. आंबील जरूर आणा, डॉक्टरांना मी विचारून ठेवलंय. पहिला चमचा वहिनींचाच. फक्त एक सांगते. रविवारी मी व्याह्यांना नाहीच म्हणत होते. यांनी मागून वही पुढं केली. त्यात लिहिलं होतं, "घाल. तूप थोडं जास्त." ते पान मी फाडून जपून ठेवलंय. आल्यावर दाखवते.
— भगवतीदेवी