अर्ध्या मिनिटाची शांतता

बाबा, आज पुन्हा त्या बांधावर जाऊन आले. आपलं मिठागर राहिलेलं नाही, तिथे आता ट्रेलर उभे असतात. पण रेवसच्या बाजूनं वारा तसाच येतो, आणि माझ्या कामाची सवय अशी की तो मी आधी ऐकते, मग अंगाला लागतो. एडिटर म्हणजे नक्की काय करतेस, असं तू विचारायचास आणि मी म्हणायचे, कापते आणि जोडते. त्यावर तू आळीभर सांगितलंस की पोरगी मुंबईत शिवणकामाला हाय. आई हसून हसून बेजार झाली होती.

तुझ्यावरची फिल्म ही माझी पहिली. तोवर दुसऱ्यांनी शूट केलेलं जोडत होते, हे चित्रण मात्र माझं होतं. भर उन्हात तू मीठ ओढतोयस, मी कॅमेऱ्यामागे. तुला दहादा बजावलंय की माझ्याकडे बघून बोल, पण माझ्याशी बोलू नकोस, मला हाक मारलीस की वाक्य फुकट जातं. तू मान डोलावतोस आणि दोन वाक्यांनी पुन्हा तेच. "बाय, डोक्यावर घे काय तरी." खाडीचं पाणी आटून मीठ कधी धरतं ते सांगता सांगता मध्येच माझ्या लहानपणच्या तापाची गोष्ट. शेवटी मी सगळ्या मजुरांसमोर तुझ्यावर ओरडले. तू खांद्यावरचा टॉवेल पिंपात भिजवलास आणि माझ्या मानेवर टाकलास.

एडिटला बसले तेव्हा तुझी प्रत्येक 'बाय' मी काढली. इतक्या सफाईनं की जोड कुठे आहे ते मलाही शोधावं लागेल. लोकांनी कौतुक केलं ते त्याचंच, दिग्दर्शिका कुठेच जाणवत नाही म्हणाले. तुला ओटीवर बसवून लॅपटॉपवर दाखवली. तू शेवटपर्यंत पाहिलीस.

"यात मी कोनाशी बोलतंय?"

मी म्हटलं, बघणाऱ्यांशी.

"मी त तुझ्याशी बोलत व्हतो."

मी हसले. तेव्हा सगळं मूळ चित्रण माझ्याकडे होतं, तुझ्या हाका परत घालणं एका दुपारचं काम होतं. महिनाभरानं पुढच्या फिल्मसाठी हार्ड डिस्क रिकामी हवी होती, म्हणून ते पुसून टाकलं. फिल्म झाली की कच्चं चित्रण कोण सांभाळतं? वर्षभरात तू गेलास. आता माझ्याकडे जो बाप आहे तो मिठाबद्दल फार छान बोलतो, पण मला ओळखत नाही.

एक फाइल तेवढी उरली. बोलणं संपलं की आम्ही सगळ्यांना गप्प करतो आणि त्या जागेची नुसती शांतता अर्धं मिनिट रेकॉर्ड करतो, जोडलेल्या वाक्यांखाली घालायला. ती दुसऱ्या फिल्मलाही चालते म्हणून वेगळी ठेवली होती. त्या वेळी तू माझ्याशेजारी उभा होतास. फाइलीत वारा आहे, लांब कुठे टिटवी आहे, तुझा श्वाससुद्धा नाही, इतकं तू माझं ऐकलंस. अर्धं मिनिट होताच तू विचारलं होतंस, "झाला का गो?" मी तेही कापलं, पण घाईत, त्यामुळे शेवटी एक 'झा' राहून गेलाय.

तू गेल्यापासून ती शांतता मी तीन फिल्मांत वापरली, दुसऱ्यांच्या आईबापांच्या बोलण्याखाली. दर वेळी तो 'झा' काढून. या चौथ्या फिल्ममध्ये मुद्दाम राहू दिला. परवा आवाजाचं काम करणाऱ्यानं तो पकडला, म्हणाला, मॅडम, इथे काहीतरी कचरा आलाय, साफ करतो.

तुला कुठे पाठवणार हे पत्र, म्हणून इथेच लिहून ठेवते. माझे बाबा आहेत ते, एवढं मला म्हणता आलं नाही. मी त्याला थँक्यू म्हटलं.