रुआच्या किनाऱ्यावरची पलटण

३ नोव्हेंबर १९४३, आर्डरुआ

पोचलो एकदाचा. ग्लासगोहून आगगाडी, मग बस, मग हेरिंग मासळीच्या टोपल्यांनी भरलेली एक होडी आणि शेवटचा तुकडा चिखलातून पायी. पण चढ चढून वर आलो, समोर खाडी दिसली आणि सगळा शीण उतरला. हे कुणा लॉर्डाचं शिकारीचं घर. युद्धापुरतं नौदलानं ताब्यात घेतलंय. जिन्यातल्या हरणांच्या शिंगांवर आता खलाशांच्या टोप्या लटकतात. खाली सपाट बुडाच्या बोटी ओळीनं नांगरलेल्या. त्यांची पुढची बाजू दारासारखी खाली पडते. हाच रॅम्प. त्याच्यावरून सैनिक थेट किनाऱ्यावर धावत सुटतात. पुढंमागं फ्रान्सच्या किनाऱ्यावर जे करायचं त्याची रंगीत तालीम इथं चालते, आणि ती घेणारे कमोडोर स्टॅनफिल. मी त्यांचा नवा सहायक.

कमोडोर दारातच भेटले. उंच, लालबुंद, गडगडाटी. "या, या, थॉरल्ड! पोहता येतं ना? नाही आलं तरी चालेल, इथं सगळे बुडतच शिकतात." आणि स्वतःच मनापासून हसले. दोन घोट व्हिस्कीही पाजली. माणूस पहिल्या भेटीत आवडावा असा आहे, हे लिहून ठेवायलाच हवं.

घर सांभाळणाऱ्या मॅकफीबाईंनी ओटच्या पिठात घोळवून तळलेली हेरिंग वाढली. मी "आणखी एक द्या" म्हटलं तर हातातला झारा तसाच धरून बघत राहिल्या. म्हणाल्या, लेफ्टनंटसाहेब, तुमचा आवाज थेट त्या आमच्या बिचाऱ्या कॉटनसाहेबांसारखा आहे हो. मी म्हटलं, असेल.

५ नोव्हेंबर

आवाज असायचाच. नेड कॉटन माझा भाऊ. आई एक, वडील वेगळे, म्हणून आडनावं वेगळी. इथं कुणाला ठाऊक नाही आणि कळू द्यायचंही नाही. ही बदली मी मागून घेतली, ती हवापालटासाठी नाही.

सप्टेंबरात इथं सराव झाला तेव्हा पाहायला एक जनरल आले होते. समुद्र उसळलेला. किनाऱ्याच्या अलीकडे वाळूचा दांडा आहे, त्याच्या पलीकडे पुन्हा खोल पाणी. लाटा अशा असल्या की बोट दांड्यावरच टेकते आणि किनाऱ्याला लागल्यासारखी वाटते. नऊ नंबरची बोट नेडच्या हाताखाली होती. त्यानं निशाणांनी कळवलं की परत फिरतो. किनाऱ्यावरून कमोडोरची आज्ञा गेली, पुढे. त्यानं पुन्हा विचारलं. पुन्हा तेच, पुढे, रॅम्प खाली. रॅम्प पडला आणि अख्खी पलटण, पाठीवर ओझी, पायात लोखंडी नाळांचे बूट, एकामागून एक सरळ तळाला गेली. बोट उलटली. नेड सर्वांत पुढे होता. हे सगळं मला त्या दिवशी किनाऱ्यावर असलेल्या एका निशाणवाल्यानं गुपचूप पत्रानं कळवलं.

चौकशीत ठरलं की कनिष्ठ अधिकारी घाबरला आणि त्यानं वेळेआधी रॅम्प सोडला. आईला तसं कळवलंही. त्या दिवसापासून तिनं नेडचं नाव तोंडातून काढलेलं नाही. शरमेनं.

स्टॅनफिलला मी त्याच पाण्यात पाहणार आहे. कसं ते अजून ठरलेलं नाही. घाई नाही.

८ नोव्हेंबर

आज पहिल्यांदा किनाऱ्यावर, बोटींना ओरडून आज्ञा द्यायचा भोंगा घेऊन उभा राहिलो. नऊ नंबरची बोट तळातून काढून, ठाकठीक करून परत कामाला लावलीय. तिच्यात सैनिक चढत नाहीत, कुरकुर करतात, म्हणून ती रिकामीच ओळीत चालवतात. तिच्या सुकाणूवरचा तांडेल गिल्क्रिस्ट, बेटांवरचा माणूस, तोंडानं फटकळ. सप्टेंबरात तापानं पडून होता म्हणून वाचला. नेडशी त्याचं फार जमायचं म्हणे. दोघं सुटीत गळ टाकून बसायचे.

नऊ नंबर इतर भरलेल्या बोटींइतकीच पाण्यात खोल बसते. मला वाटलं तळाशी गळती असेल. गिल्क्रिस्ट म्हणाला, "थेंब नाही साहेब. मी रोज बघतो. रिकामी आहे, पण गाभण गाईसारखी चालते. रॅम्प पडला की हलकी होते आणि टुणकन वर येते." मी म्हटलं, मग उतरतं कोण? तो म्हणाला, "ते तुम्हीच बघा. मी पाठमोरा असतो. मुद्दाम."

बघितलं. भर दुपार होती, धुकंही विरळ. रॅम्प पडला, बोट वर उचलली गेली आणि ओल्या वाळूत बुटांचे ठसे उमटत आले. पाण्यातून वर, रांगेनं. प्रत्येक ठशात नाळेची खूण, आणि लगेच पाणी भरायचं. भरतीच्या रेषेपाशी येऊन थांबले. शिकवलेलंच आहे तसं, की किनारा गाठला की अधिकाऱ्याची पुढची आज्ञा येईपर्यंत तिथंच थांबायचं.

आज्ञा देणारा कुणी उरलाच नव्हता.

भीती वाटली नाही. खरं सांगायचं तर छाती भरून आली.

११ नोव्हेंबर

सकाळी एकटा खाली गेलो. नऊ नंबर किनाऱ्याला लावलेली. ठसे तिथंच होते. भरती येऊन गेली तरी पुसले नव्हते. मी नेड बोलायचा तशा ठेक्यात म्हणालो, सावधान.

फटकन एक आवाज झाला. ओल्या चामड्यावर ओलं चामडं. वाळूतले फाकलेले ठसे जोडीजोडीनं जुळले. सगळे. एकदम.

मी तिथंच बसलो आणि रडलो. नेड, तुझी पलटण माझं ऐकते.

१३ नोव्हेंबर

जेवणाच्या टेबलावर आज एका पाहुण्या मेजरनं सप्टेंबरचा विषय काढला. स्टॅनफिलनं मटणाचा तुकडा कापत कापत सांगितलं, "अहो, पोरगं होतं. मिसरूड फुटलेलं नाही आणि हाताखाली पलटण. पाणी बघून त्याचीच पातळ झाली. मी किनाऱ्यावरून ओरडतोय थांब, थांब, आणि हा रॅम्प सोडून मोकळा!" मेजर च्‌ च्‌ म्हणाला. स्टॅनफिल माझ्याकडे वळून म्हणाला, "थॉरल्ड, लक्षात ठेवा, हुकूम देणाऱ्याचं काळीज दगडाचं हवं. नाहीतर माणसं मरतात." वर मलाच मोहरी पुढे करायला सांगितली.

मी केली.

कसं ते आता ठरलं.

१५ नोव्हेंबर

सोपं गेलं. मी एवढंच म्हणालो की माणसं नऊ नंबरला भितात, तुम्ही एकदा तिच्यातून उतरून दाखवलंत तर तोंडं बंद होतील. त्याला असलं काही आवडतंच. "उद्याच!" म्हणाला. गिल्क्रिस्टनं नाही म्हणून बघितलं. स्टॅनफिलनं त्याला सगळ्यांसमोर बायकी म्हटलं, म्हातारी म्हटलं. गिल्क्रिस्ट लाल झाला आणि म्हणाला, ठीक आहे साहेब, म्हातारी नेईल तुम्हाला.

त्याला काहीतरी सबब सांगून किनाऱ्यावर ठेवून घ्यावं, असं मनात आलं होतं. पण दुसरा तांडेल बघायचा तर बेत पुढे गेला असता.

१६ नोव्हेंबर

झालं.

सकाळची वेळ, समुद्र तेलासारखा गुळगुळीत. मी आधी जाऊन ठशांसमोर उभा राहिलो आणि म्हणालो, बोटीत चढा. ठसे वळले, पाण्यात शिरले. मग स्टॅनफिल आला, टोपी तिरकी, मला सलाम ठोकून चढला. गिल्क्रिस्ट सुकाणूवर, खाली इंजिनवाला वेल्श माणूस. बोट बाहेर जाऊन वळली. नेहमीपेक्षा खोल बसली होती.

दांड्याजवळ आली तेव्हा मी भोंगा तोंडाला लावला. पुढे, रॅम्प खाली. नेडच्या आवाजात.

लाट नव्हती तरी बोट दांड्यावर टेकली. रॅम्प पडला. स्टॅनफिल ताठ उभा होता. त्यानं चालायला सुरुवात केली, हात शिपायासारखे झुलवत, आणि तोंड मात्र उघडं, किंचाळणारं. पाय त्याचे नव्हतेच. रॅम्पच्या टोकावरून सरळ पाण्यात. टोपी तेवढी तरंगली.

मला किती बरं वाटलं. मी हसलो असेन.

मग गिल्क्रिस्ट चालू लागला.

त्यानं सुकाणू घट्ट धरलं होतं, बोटं एकेक करून सुटत गेली. त्यानं माझ्याकडे पाहिलं. "साहेब, त्यांना सांगा!" एवढंच ओरडला. मी भोंग्यातून ओरडलो, थांबा, माघारी, तो नाही! घसा फुटेस्तोवर ओरडलो. तो गेला. इंजिनवाला शिडी चढून वर आला आणि तोही गेला.

मी कोरड्या बुटांनी किनाऱ्यावर उभा होतो.

१८ नोव्हेंबर

अपघात म्हणून नोंद झाली. वरून तार आली की कमोडोरच्या जागी नवा माणूस येईपर्यंत दल माझ्या हाताखाली. त्याच्या खुर्चीत बसलो. खिडकीतून हिरवळ दिसते.

हिरवळीवर ठसे आहेत. रांगेनं. पहिल्या रांगेत गिल्क्रिस्टचे रबरी गमबूट. त्याच्या शेजारी स्टॅनफिलचे, टाचा जुळवलेले, इतरांसारखेच. तोही आता त्यांच्यातला.

त्याच्यावरचा सूड पुरा झाला, मग हे जात का नाहीत?

१९ नोव्हेंबर

खाली उतरून म्हणालो, विसर्जन. सगळे एक पाऊल पुढे आले.

म्हणालो, विश्राम. एक पाऊल पुढे.

म्हणालो, नेड, मी आहे रे, मार्टिन —

एक पाऊल.

पुढे, एवढंच त्यांना समजतं. मी काहीही म्हटलं तरी. आता मी बोलणार नाही.

२१ नोव्हेंबर

परवापासून शब्द नाही. मॅकफीबाई विचारतात घसा बसला का. मी मान हलवतो. त्यांनी मध आणि गरम पाणी दिलं. मग कपाटातून त्यांची म्हातारी मांजर पायात आली, आणि मी दचकून अरे म्हणालो.

बाहेर, पायऱ्यांवर, नाळांचा आवाज.

बाईंनीही ऐकला. एप्रन काढला. म्हणाल्या, सप्टेंबरपासून ते खाली थांबायचे, कधी वर आले नव्हते हो. तुम्ही काय सांगितलंत त्यांना? पोरा, काय सांगितलंस?

त्या बहिणीकडे निघून गेल्या. मांजर घेऊन.

२२ नोव्हेंबर

तार. जनरल पुन्हा येताहेत. परवा सराव, आणि नव्या पलटणी उद्या इथं पोचतात. पोरं. नऊ नंबरसकट सर्व बोटी भरून सोडायच्या. कमांड करणाऱ्यानं किनाऱ्यावरून, भोंग्यावरून —

मी बोललो की ही माणसंही —

नाही बोललो तर दुसरा कुणी बोलेल. नऊ नंबर राहता कामा नये.

ठसे आता जिन्यात आहेत. ओल्या लोकरीचा वास. दिवसाढवळ्या. शिंगांवरच्या टोप्या खाली पडल्यात, घालायला कुणी घेतल्यासारख्या.

नेडचे ठसे कुठले ते कळत नाही. तो पुढे असायला हवा. पुढच्या रांगेत जागा मोकळी आहे. गिल्क्रिस्टच्या उजवीकडे.

२३ नोव्हेंबर

पोरं यायच्या आत. एकटा निघालो. नऊ नंबर खोल पाण्यात नेऊन तळाचं बूच उघडायचं, मागे बांधलेल्या होडीतून परत. सकाळचे ढग, वारा नाही. पेन्सिलीनं लिहितोय. लिहिलं की तोंड मिटून राहतं.

एकटाच चढलो. पण बोट खाली बसली.

—

दांडा ओलांडायला हवा होता. ओलांडत नाही. सुकाणू सोडून दिलंय तरी वळतंय. कुणीतरी धरलंय. मागे बघायचं नाही. गिल्क्रिस्टसारखं, मुद्दाम पाठमोरं.

होडीचा दोर कापलेला. लांब गेली.

—

नेड, स्टॅनफिल तुझा गुन्हेगार होता. मी तुझ्यासाठीच —

गिल्क्रिस्टचा गुन्हेगार कोण ते मला आता कळलं.

—

बोट टेकली. रॅम्पची साखळी सुटते आहे, एकेक कडी. मी सर्वांत पुढे उभा आहे. मी इथं आलो नाही, पाय आले. किनारा हाकेवर दिसतो आणि मधलं पाणी काळं. किनाऱ्यावर नवी पोरं गोळा होताहेत, बघताहेत, एक जण हात हलवतोय. त्याला ओरडून सांगावंसं वाटतं की जा, पळ. ओरडलो तर हे त्याच्याकडे —

तोंड उघडायचं नाही. दात घट्ट —

पाठीवर हात. गार. पसरलेली बोटं, अलगद. नेडला धक्क्याजवळ पोहायला शिकवायचो तेव्हा मी त्याच्या पाठीखाली असाच हात धरायचो, आणि तो म्हणायचा दादा सोडू नको, आणि मी