किंकाळीच्या आधी

रोलंड,

हे पत्र मी टपालात टाकणार नाही, म्हणून खरं लिहितो.

परवा कॉव्हेंट्रीच्या पबमध्ये एक बाई आपण काढलेली एकुलती एक रेकॉर्ड घेऊन आली. पन्नास वर्षांनी 'पेपर हेरन' हे आपल्या बँडचं नाव कुणाच्या तरी तोंडून ऐकलं. तिनं विचारलं, "शेवटची ती किंकाळी कुठल्या यंत्रावर काढलीत?"

यंत्र कसलं डोंबलाचं! माझ्या ड्रम्सची पाळी आली, की तू ऑर्गनच्या पट्ट्यांत जेवणाची सुरी खुपसून एकच सूर अडकवून ठेवायचास आणि सिगारेट ओढत हसायचास. रेकॉर्डिंगच्या दिवशी म्हणालास, "बडव लेका डेस, तुझ्यापेक्षा माझी सुरी बरं वाजवते." मी काठ्या टाकून उठलो. तू सुरी काढायला हात घातलास आणि मी पट्ट्यांवरचं झाकण आपटलं. तुझ्या तीन बोटांचा चुरा झाला. टेप चालूच होती. रेकॉर्डिंगवाला ओरडला, "हे ठेवायचंच!"

झाकण निसटलं, असं मी सगळ्यांना सांगितलं. तूही मानलंस.

किंकाळीच्या आधी नीट कान दे. कुणीतरी हलक्या आवाजात एक, दोन, तीन, चार मोजतंय, गाणं सुरू करताना मी मोजायचो तसं.

तालाचा पक्का,
डेस