चिवड्याचं गाव, लाडवाची टेकडी

१८ ऑक्टोबर, शनिवार
चकल्या जमल्या. भाजणी सासूबाईंनी पुण्याहून पाठवलेली, त्यामुळे श्रेय त्यांना जाणार. हात माझे दुखतायत.
समोरच्या फ्लॅटमधला गोरान वासावर आलाच. शाळेत पोहायला शिकवतो. दर रविवारी माझ्या नवऱ्याशी, मि.शी, कॅरम, हरला की मॅसिडोनियन शिव्या. मि.ला आता त्या पाठ झाल्यात. "जस्ट टेस्टिंग" म्हणत निम्मा डबा उडवला.
तेव्हाच डोक्यात आलं. नोव्हेनाला मी काम करते त्या क्लिनिकमधला फिजिओ अर्बेन, तोही उत्तर मॅसिडोनियाचाच! राहतो बेटाच्या पूर्व टोकाला, पासिर रिसला. एवढ्याशा बेटावर दोन गाववाले, आणि ओळख नाही म्हणजे काय? पुढच्या शनिवारी दोघांनाही फराळाला बोलावणार. एकमेकांबद्दल सांगायचं नाही. सरप्राइज.
मि. : "विचार तरी त्यांना."
परदेशात कोथरूडचं माणूस भेटलं की आपण कोणाला विचारून खूश होतो?

२३ ऑक्टो.
भाऊबीज. दादा व्हिडिओवर. इथे गोरानला ओवाळलं. टिळा लावून तसाच पोहायच्या क्लासला गेला, वेडा.

२५ ऑक्टो., शनिवार
झालं सरप्राइज.
दोघं आले. मी दोघांच्या मधे उभी राहून, टाळी वाजवून, "सेम कंट्री!" हात मिळवले, हसले. गोरानने गाव विचारलं. अर्बेनने सांगितलं. गोरानने बशी खाली ठेवली.
"माहितीये मला. मी वरच्या टेकडीवर होतो."
"मी गावात होतो," अर्बेन म्हणाला.
आमची लेक ईरा तेवढी इथल्या पोरांच्या टोनमध्ये पुटपुटली, "मम्मा, सो ऑकवर्ड लाह." अर्बेनने लाडू उभ्यानेच संपवला, थँक्यू म्हणाला, गेला. गोरानही गेला. दार हळूच लावलं. आपटलं असतं तर बरं वाटलं असतं.
नंतर मि.ने मोबाइलवर वाचून दाखवलं. २००१. सरकारी फौज एकीकडे, अल्बेनियन बंडखोर दुसरीकडे. म्हणजे आमचा गोरान फौजेत, अर्बेन (नाव अल्बेनियनच) बंडखोरांत, आणि दोघं एकाच गावापाशी समोरासमोर. आधी वाचायला काय झालं होतं, हे आम्ही दोघांनी एकदमच एकमेकांना विचारलं.

२६ ऑक्टो.
गोरान कॅरमला आला नाही. मि. बोर्डावर पावडर टाकून एकटाच बसला, मग पुसून ठेवून दिलं.
मला फार लागलंय. गुरुवारी ओवाळलं आणि आज दार बंद.

२८ ऑक्टो., मंगळ.
क्लिनिकमध्ये माझ्या टेबलाशी अर्बेन स्वतःच आला. मी माफी मागायला तोंड उघडलं तर म्हणाला, चकली चांगली होती. खाल्ली कधी यानं?
मग सांगितलं. तेव्हा वय एकोणीस. हातात बंदूक, चालवायची धड माहीत नाही. गावातली म्हातारी माणसं, बायका, पोरं तळघरांत. त्याची आईही. फौजेच्या तोफेचा गोळा घराच्या छपरावर पडला. आई वाचली, एक कान गेला.
"त्याला विचार, ती तोफ त्याची होती का."
मी म्हटलं, मी निरोप्या नाही.
"फराळाला तूच बोलावलंस."
बरोबर आहे.

२९ ऑक्टो.
लिफ्टमध्ये गोरान. नजर आकड्यांवर. मी थांबवायचं बटण दाबायच्या विचारात होते, तेवढ्यात तोच बोलला. तेव्हा तोही विशीचाच होता, सक्तीच्या भरतीतला. गावात फक्त बंडखोर उरलेत, असं त्यांना सांगितलं होतं. तळघरं नंतर कळली.
म्हटलं, शनिवारी फराळ संपवायचाय. अर्बेन येणार आहे. या वेळी आधी सांगतेय.
"नो."
"चिवडा मऊ पडेल."
मजला आला.

१ नोव्हें., शनिवार
आला! दाढी वाढलेली, तोंड पाडून, पण आला.
आधी नुसता चहा. मग अर्बेन म्हणाला, तुम्ही पहिल्याच दिवशी पळालात. गोरान ताठ बसला. पळालो नाही, मागे बोलावलं. "पळालात, मी पाहिलं." "कुठून पाहणार तू, गोठ्यातून?" आवाज चढले. मि.ने मला डोळ्यांनी दटावलं, जसं काही मीच ओरडत होते.
मग गोरानने लाडू टेबलाच्या मधोमध ठेवला. ही टेकडी. अर्बेनने खाली चिवडा पसरला, हे गाव. शंकरपाळी म्हणजे फौज, चकल्या म्हणजे रणगाडे. नवा टेबलक्लॉथ, पण मी गप्प. दोघं शंकरपाळी पुढे-मागे सरकवत भांडतायत. ईराने जाता जाता एक रणगाडा खाल्ला. "गव्हर्नमेंट लूझिंग, लाह!" आणि दोघंही हसले. खरंच, दोघंही. मला इतकं हलकं वाटलं की मी परत चहा टाकला.
तेवढ्यात अर्बेनने चिवड्यातून एक काजू उचलला, गावाच्या टोकाला ठेवला. "हे आमचं घर." आणि मी गोरानला जे विचारलं नव्हतं ते विचारलं, ती तोफ तुझी होती का.
गोरान काजूकडे बघत राहिला. तोफा बऱ्याच होत्या, म्हणाला. आकडे सांगायचे, आम्ही डागायचो. गोळा कुठे पडला ते दिसायचं नाही. "माहीत नाही. माझी असू शकेल."
चहा उतू गेला. कोणी उठलं नाही.
"खोटं बोलला नाहीस," अर्बेन एवढंच म्हणाला.
निघाला तेव्हा गोरान त्याला एलआरटी स्टेशनपर्यंत सोडायला गेला. काय बोलले, मी विचारलं नाही. (विचारलं. सांगितलं नाही.)

२ नोव्हें.
गोरान कॅरमला हजर. क्वीन सोपी होती, तरी सोडली. शिव्याही नाहीत. मि.ला जिंकून मजा आली नाही.

८ नोव्हें., शनिवार
अर्बेनही आला, न बोलावता. तिघांचा कॅरम रंगला होता, तर त्याच्या आईचा व्हिडिओ कॉल. तिकडे सकाळ. ऐकू कमी, म्हणून माउली ओरडून बोलते. आमच्या अख्ख्या मजल्याला अल्बेनियन ऐकू गेलं असेल. मी कॅमेऱ्यात जाऊन नमस्कार केला, तिनेही हात हलवला. गोड आहे.
मग तिने काही विचारलं आणि अर्बेन थबकला.
"विचारतेय, तो टेकडीवरचा तिथे आहे का."
म्हणजे यानं घरी सांगितलंय! गोरानच्या हातात स्ट्रायकर तसाच.
"म्हणतेय, त्याला समोर आण."
"काय बोलेल ती?" मी विचारलं.
"माहीत नाही. मला खरंच माहीत नाही."
गोरानने गालावरून हात फिरवला. अंगात पोहायच्या क्लासचा ओला टीशर्ट. "असा नको," म्हणाला. "पुढच्या शनिवारी. दाढी करून येतो."
अर्बेनने ते आईला ओरडून सांगितलं. ती म्हणाली, चालेल, तेवढ्यात मीही डोक्याला चांगला रुमाल बांधते.