डाव्या हाताचं उर्दू

कार्तिक शु. ४, शके १८५५. सोमवार

आज पुन्हा पोहरा आडात गेला. या महिन्यात तिसऱ्यांदा!

शेजारच्या बद्रीनाथची पोर द्वारका, वय आठ. दुपारी माझ्याकडे अक्षरं गिरवायला येते. दोर ओढताना एक हात पुढचा दोर धरायला सोडते — आणि दुसराही सुटतो. बायका हसल्या. तिच्या आजीनं, झुंबरबाईनं, पाठीत धपाटा घातला. धांदरट आहे, म्हणे. पण मी बघत होते. धांदरट माणसाचं लक्ष दुसरीकडे असतं, हिचं तर सगळं लक्ष हातांवरच होतं. मग दोर सुटतो कसा?

ह्यांना सांगितलं. शाळेचं हजेरीपत्रक भरता भरता म्हणाले, लागलं तुझं चौकशीखातं. लागलं तर लागलं. जालन्याहून या पिंपळगावात येऊन सव्वा वर्ष झालं, इतक्या दिवसांत मला पडलेला हा पहिला धड प्रश्न आहे.

शु. ६, बुधवार

पोरीला मूठभर शेंगा कबूल करून ताक घुसळायला बसवलं. येत नाही! रवीची दोरी एकदा उजव्या हाताने ओढायची, एकदा डाव्या. ही दोन्हींनी एकदमच ओढते आणि रवी जागच्या जागी.

मग समोर बसवून म्हटलं, उजव्या हाताचं एक बोट वाकव. डाव्याचंही वाकलं. डावा गप ठेव म्हटलं. ओठ दाबून, डोळे मिटून प्रयत्न केला बिचारीने. तरी वाकलंच.

“मी न्हाई करून राह्यले, मास्तरीणबाई. त्योच करतो.”

फुगडी, टाळ्या, कापूस वेचणं — झकास. दोन्ही हातांना एकच काम असलं की ही कोणाला ऐकत नाही. दोघांना वेगवेगळी कामं दिली की पंचाईत. सदऱ्याची गुंडीसुद्धा आई लावून देते. या एका गोष्टीपायी आजवर किती धपाटे खाल्ले असतील! मला वाईट वाटलं. आणि खरं सांगायचं तर आनंदही झाला, असं काही मी कधी पाहिलंच नव्हतं.

शु. ९, शनिवार

आजचा दिवस मी विसरणार नाही.

ती पाटीवर स्वतःचं नाव काढत होती. डाव्या हाताचं बोट जमिनीवर धुळीत काहीतरी रेघोट्या ओढत होतं. मी गुपचूप त्या हातात दुसरी पेन्सिल दिली आणि पाटी त्याच्याहीखाली सरकवली. उजवा हात डावीकडून उजवीकडे चालला, डावा उजवीकडून डावीकडे. बाजूला गिचमीड उमटलं. ओळखीचं वाटावं, पण वाचता येऊ नये. फणी-करंड्याच्या पेटीतला आरसा आणून समोर धरला. आरशात — द्वारका! जोडाक्षर, काने बिलकुल जागच्या जागी. मी मोठ्यांदा हसले. ती घाबरली, मग तीही हसली.

पाटी घेऊन गल्लीभर फिरले. आडावर दाखवली, देवळात दाखवली. आरसा न्यायचं मात्र सुचलं नाही.

शु. ११, सोमवार

गावात काय पसरलं, तर बद्रीनाथच्या पोरीला न शिकता उर्दू येतं! उजवीकडून डावीकडे लिहितात ते सरकारी उर्दू लिखाण, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. शाळेतल्या मौलवीसाहेबांना पाटी दाखवली. त्यांनी चष्मा पुसून पाहिली, उलटी करून पाहिली. “ये उर्दू नहीं है, बाई. नुक्ते किधर हैं?” टिंबं कुठे आहेत, म्हणे. तर ओट्यावरचे लोक म्हणाले, जुनं उर्दू असंल, सायबाला शिकवलं नसंल. बिचारे मौलवीसाहेब चहा अर्धा टाकून गेले.

पोरीला सगळे मुन्शीण म्हणून राह्यलेत. मला फार मजा वाटते आहे.

पौर्णिमा, गुरुवार

मजा संपली. भुजंग पाटील तहसीलचा कागद घेऊन बद्रीनाथकडे आले. जमिनीचा कागद, उर्दूतला, पोरीने वाचून दाखवावा म्हणून. तिने बराच वेळ पाहिला आणि म्हणाली, मला येत न्हाई. एवढं ऐकून कोणीही समजला असता. पण भुजंग पाटील काय म्हणाले? लिहिणारा वेगळा आहे, तो आज आला न्हाई.

लिहिणारा वेगळा! आता जो तो विचारतो, मग कोण येतं हिच्या हातात?

वद्य ३, रविवार

भगत आला होता. म्हणाला, डाव्या हातात कोणीतरी बसलंय. अमावस्येला दिवेलागणीला विळा तापवून तळव्यावर डाग द्यायचा. मग तो हात आपलं आपलं करणार नाही.

बद्रीनाथ खाली मान घालून बसला होता. पोरीची आई सगुणा रडत होती. झुंबरबाई मात्र ठाम. म्हणाली, द्यायचा.

हे माझ्यामुळे झालं. चौकशी मी केली, पेन्सिल मी दिली, पाटी मी मिरवली. नुसती धांदरट होती तोवर धपाट्यावर भागत होतं.

वद्य ५, मंगळवार

आरसा घेऊन त्यांच्या घरी गेले. पोरीला लिहायला लावलं, आरसा धरला, वाचून दाखवलं. उर्दू नाही, हिचंच नाव आहे, उलटं. बद्रीनाथला पटल्यासारखं झालं. झुंबरबाईनं आरशात पाहिलंही नाही. म्हणाली, नाव कोणाचं का असंना, लिहितंय कोन?

मलाही तेच तर हवंय!

ह्यांनी मात्र आज जीव वाचवला. परवा बद्रीनाथ कापूस घेऊन जालन्याला जाणार आहे. हे त्याला म्हणाले, पोरीला ने, मिशनच्या दवाखान्यात दाखव, आमची मंडळी माहेरी येते आहेच सोबत. मी माहेरी जाणार असल्याचं मला तेव्हाच कळलं.

वद्य १०, रविवार. जालना

वाटेत भोकरदनला एक मुक्काम, केदारखेड्याला एक. सगळा वेळ पोर माझ्या मांडीवर. कापसाच्या गाडीत बसून अंगभर पिंजून निघालो.

काल डॉक्टरीणबाईंनी पाऊण तास पाहिलं. गोऱ्या आहेत, मराठी बोलतात, हाताला ‘ती हात’ म्हणतात. बोटं वाकवून पाहिली, टाचणी टोचून पाहिली, डोळे बांधून पाहिले. एका हातात वाटी धरून दुसऱ्याने डाळ वेचायला सांगितली, वाटी पडली. मग मला म्हणाल्या, हातात काहीही दोष नाही.

हाताला हुकूम डोक्यातून जातो, म्हणे. मेंदूचे दोन भाग, उजवा भाग डाव्या हाताला हुकूम सोडतो आणि डावा उजव्याला. या पोरीच्या मेंदूची घडण आईच्या पोटातच थोडी निराळी झाली असावी. एकच हुकूम दोन्हीकडे जातो. हजारोंत एखादं मूल असं जन्मतं. त्यांनी पुस्तकात वाचलं होतं, डोळ्यांनी आज पाहिलं. औषध नाही. वाढणार नाही, जाणारही नाही. अक्कल चांगली आहे, शिकवत राहा म्हणाल्या. मी विचारलं, आत नेमकं काय झालंय ते बघता येतं का? त्या म्हणाल्या, ते कवटी उघडून, माणूस गेल्यावर.

क्षणभर मनात आलं — कसं दिसत असेल! लगेच माझी मलाच लाज वाटली. पोर शेजारी बसून दोन्ही हातांनी पेरू खात होती.

बद्रीनाथने एकच विचारलं, डागल्यानं जाईल का? त्या म्हणाल्या, हात भाजेल, दुसरं काही होणार नाही.

वद्य १४, गुरुवार

काल परतलो. वाटेत बद्रीनाथ म्हणाला, मी आईला सांगतो. मला वाटलं, मिटलं!

आज त्याने सांगितलं. मी मुद्दाम जाऊन बसले होते. झुंबरबाईनं ज्वारी पाखडता पाखडता सगळं ऐकून घेतलं, मेंदू, हुकूम, सगळं. मग म्हणाली, “डाक्टरीण नांदायला येनार का तिच्यासंगं? सासरी पहिल्याच दिवशी पोहरा आडात गेला, मंग? बाहेरची बाधा म्हणून हाकलून देतील पोरीला. डागलं की धाक बसतो.”

यात एक शब्द खोटा नाही, म्हणून जास्त राग आला. मी म्हटलं, भाजलेल्या हाताने पाणी बरं शेंदता येतं का? म्हणाली, येतं.

बद्रीनाथ उठून गोठ्यात गेला. आईपुढे त्याचं काही चालत नाही.

अमावस्या, शुक्रवार

दुपारी गेले तर मला ओसरीवरूनच परत पाठवलं. ह्यांनाही. आता दिवेलागण झाली. भिंतीला कान लावून बसले आहे. काही ऐकू येत नाही.

मार्गशीर्ष शु. १, शनिवार

डागलं नाही!

सकाळी झुंबरबाई आली. आमच्या घरात पहिल्यांदाच. दाराशी टेकली आणि आपणहून सांगितलं. विळा लाल झाला होता, भगताने पोरीला म्हटलं, डावी मूठ उघड. तिने उघडली. उजवीही उघडली. “दोन्ही हात म्होरं धरून उभी राह्यली, बाई. मीच इळा हिसकून चुलीत टाकला.”

मी झुंबरबाईच्या उजव्या हातावर गुळाचा खडा ठेवला. तिने मूठ मिटली. मांडीवरची डावी मूठही मिटली, रिकामीच.

मी बघत राहिले. तिनेही पाहिलं मी बघतेय ते. मग दोन्ही मुठी उघडल्या. डाव्या तळव्यावर जुना, चकचकीत, रुपयाएवढा डाग.

“सा वर्साची व्हते,” म्हणाली. “गेलं न्हाई, बाई. लपवायला शिकले, तेवढंच.”